धांदरट तटरक्षक अधिकाऱ्यावर कौटुंबिक विनोदी कथा लिहितोय. त्याच्या चुका कशा दाखवू?

नायक धांदरट हवा, पण मूर्ख नको आणि दलाची टिंगलही नको, असं तुम्ही विचारलंय. मी तटरक्षक दलात नव्हतो, पण व्यापारी जहाजांवर बरीच वर्षं काढली. असे नवशिके पाहिलेत. एक तर रोज दाढी करताना आरशात दिसायचा.

माझं म्हणणं एवढंच, त्याला सगळं पाठ असू द्या. नियम, गाठी, दिव्यांचे रंग, सगळं तोंडपाठ. फक्त हातपाय त्याचं ऐकत नाहीत. असा पोरगा आपला वाटतो. काहीच न येणारा अधिकारी दहा मिनिटांत कंटाळवाणा होतो.

धक्का ही हक्काची जागा, कारण तिथे बघे असतात. फेकलेला दोर धक्क्यावर न पडता साहेबांच्या टोपीवर पडू दे. मात्र बांधलेला दोर ताणून तुटतो, असं गमतीत दाखवू नका. तो सपकन मागे येतो तेव्हा माणूस जायबंदी होतो, जीवही जातो. दर्यावर्दी वाचक तिथेच पुस्तक मिटेल.

खरं सोनं घरात आहे. आपोआप फुगणाऱ्या बऱ्याच लाइफजॅकेटमध्ये पाण्यात विरघळणारी गोळी असते. ती विरघळली की स्प्रिंग सुटते, दाबाखालच्या गॅसच्या नळकांड्याला भोक पडतं आणि काही सेकंदांत जॅकेट टम्म फुगतं. पोरगा सुट्टीवर आलाय, आईला जॅकेट मळकं दिसलं, तिने ते बादलीत भिजत घातलं. पुढचं तुम्ही लिहा.

समुद्र लागतो, हेही खुशाल दाखवा. नेल्सनसारख्या नामांकित ब्रिटिश नौसेनापतीलाही तो आयुष्यभर लागायचा. नायकाने हे वाक्य प्रत्येक उलटीनंतर ऐकवावं, उलटीआधी कधीच नाही.

रेडिओवर मात्र जपून. चॅनल 16 हा संकटाच्या हाकेचा, तिथे 'मेडे'ची, म्हणजे जीव धोक्यात असल्याच्या हाकेची, थट्टा नको. पण माइकचं बटण अडकणं ही नेहमीची भानगड. ते दुसऱ्या एखाद्या चॅनलवर अडकू दे आणि आईशी फोनवर चाललेलं बोलणं सगळ्या बोटींना ऐकू जाऊ दे. शिवाय तातडीची, पण जीवघेणी नसलेली अडचण असेल तर 'पॅन-पॅन' असं तीनदा म्हणतात. मूळ शब्द फ्रेंच, उच्चार जवळजवळ 'पान-पान'. घरी सराव करताना धाकटी बहीण शेजारी पुस्तक घेऊन बसलेली असेल, तर ती सहा पानं उलटेल.

कथा कुठल्या देशात घडते ते आधी ठरवा. समुद्रातून बंदरात शिरताना वाट दाखवणारा लाल बोया (पाण्यावर तरंगणारी खूण) अमेरिका खंडात, जपानमध्ये, फिलिपाइन्समध्ये उजव्या हाताला असतो. युरोपात, भारतात डाव्या. नायक एकीकडे शिकून दुसरीकडे पाहुणा म्हणून गेला, तर त्याची चूकही नियमाला धरूनच होईल. (माझी झाली होती. कप्तानाने हसून घेतलं, मग पाच मिनिटं हसला नाही.)

आणि 'ओव्हर अँड आउट' त्याच्या तोंडी घालू नका. 'ओव्हर' म्हणजे आता तू बोल, 'आउट' म्हणजे बोलणं संपलं. दोन्ही एकदम कसं होईल? हा फरक घरात आधी आईला कळावा. भांडणात ती दर वाक्यामागे 'ओव्हर' म्हणते, आणि बाबा पेपरमागून, एकदाच, 'आउट'.