मिवा डोंगर पहिल्यांदा चढणार असाल तर

एक गोष्ट आधी पक्की ध्यानात घ्या: जपानमधल्या नारा प्रांतातल्या साकुराई शहराचा हा ४६७ मीटरचा डोंगर म्हणजेच देव. म्हणूनच पायथ्याच्या ओमिवा देवळाला गाभारा नाही. मंडपात उभं राहून हात जोडायचे ते थेट डोंगराला.

नवखे चुकतात ते इथेच. ट्रेक समजून दुपारी पोचतात आणि परत फिरतात. नोंदणी शेजारच्या साई देवळात होते, तीही सकाळी ९ ते १२. ३०० येन भरले की छोटी घंटा लावलेला पांढरा पट्टा मिळतो. तो गळ्यात घाला, खाली येईपर्यंत काढू नका. जाऊन-येऊन साधारण ४ किलोमीटर. दोन तास धरा, ३ च्या आत उतरा.

वर गेल्यावर:
- फोटो अजिबात नाही.
- पाण्याखेरीज खाणंपिणं नाही.
- पान, दगड काही उचलायचं नाही.

काही सणांना चढाई बंद असते, तारीख आधी तपासा.

चढणं झेपणार नसेल तर बिनधास्त खालूनच दर्शन घ्या, त्यात काहीच उणं नाही. आवारातल्या जुन्या देवदारासारख्या वृक्षापाशी मात्र थांबा. इथला देव ओमोनोनुशी सर्परूपात येतो अशी श्रद्धा आहे, त्यामुळे बुंध्याशी कच्ची अंडी आणि साके (तांदळाची जपानी दारू) ठेवलेली दिसतील.