‘आधी संघटनेचं एनओसी आणा’

प्रश्न : औषधांच्या घाऊक विक्रीचा परवाना मिळाला, गोदामाचं भाडंही सुरू झालं. पण कंपनीचा एरिया मॅनेजर म्हणतो, जिल्हा केमिस्ट संघटनेचं एनओसी आणा, मगच स्टॉकिस्ट (कंपनीचा माल दुकानांना पुरवणारा घाऊक विक्रेता) नेमू. संघटना दाद देत नाही. काय करू?

उत्तर : परवाना एफडीए, म्हणजे अन्न व औषध प्रशासन, देते. माल घ्यायला त्यावर संघटनेचं एनओसी लागतं, असं कुठल्याही कायद्यात नाही. उलट, व्यापाऱ्यांच्या संघटनेनं ठरवून पुरवठा अडवला तर त्यानं स्पर्धेला बाधा येते, असं स्पर्धा कायदा, २००२ चं कलम ३(३) गृहीतच धरतं. तसं नाही हे दाखवायचं ओझं संघटनेवर. याच एनओसीच्या प्रथेवरून स्पर्धा आयोगानं २०१२ मध्ये गोव्यातल्या आणि २०१३ मध्ये अखिल भारतीय संघटनेला दंड ठोठावला होता.

संघटना म्हणेल, हे छोट्या दुकानदाराला जगवण्यासाठी आहे. मार्जिनसाठी एकत्र येऊन सरकारशी भांडायला कोणाची ना नाही. पण गावात नवा स्टॉकिस्ट नको, हे जुन्या स्टॉकिस्टांनीच ठरवायचं, यात दुकानदाराचं कसलं आलंय हित?

तुमची खरी अडचण पुराव्याची. हे सगळं फोनवर चालतं, कागदावर कोणी काही देत नाही. म्हणून आजच कंपनीच्या मुख्य कार्यालयाला मेल करा: परवान्याची प्रत जोडली आहे, डिपॉझिट तयार आहे, नकार असेल तर कारण लेखी कळवा. पुरेशा कारणाशिवाय डीलरला औषध नाकारता येत नाही, हा औषध किंमत नियंत्रण आदेश, २०१३ चा परिच्छेद २८ त्यात जरूर नमूद करा. एवढ्यावरही काही कंपन्या नरमतात. मॅनेजरचे व्हॉट्सॲप मेसेज पुसू नका.

नाहीच जमलं तर स्पर्धा कायद्याच्या कलम १९ खाली आयोगाकडे ‘माहिती’, म्हणजे तक्रार, दाखल करा. २०२३ च्या दुरुस्तीनंतर त्याला तीन वर्षांची मुदत आहे. मात्र दंडाची रक्कम सरकारजमा होते, तुमच्या हाती येत नाही. भरपाईसाठी आयोगाच्या निकालानंतर एनसीएलएटी या अपील न्यायाधिकरणाकडे वेगळा अर्ज लागतो. चौकशी लांबते, तोवर भाडं चालूच. म्हणून प्रकरणात प्रथमदर्शनी तथ्य आहे असं म्हणून आयोगानं चौकशीचा आदेश देताच कलम ३३ खाली अंतरिम आदेश मागा. दिवाणी कोर्टात मात्र जाऊ नका, कलम ६१ आडवं येईल; आयोगाच्या अखत्यारीतले विषय दिवाणी कोर्टाला ऐकता येत नाहीत.

आणि कंटाळून एनओसीसाठी ‘देणगी’ भरलीतच, तर रोख देऊ नका. पावतीवर कशाची रक्कम ते लिहून घ्या. आयोगापुढे तीच कामाला येते.