घरी चहाच्या स्वादाचे चॉकलेट ट्रफल करताना चहाची चव का लागत नाही?

तुम्ही लिहिलंय की दुधात चहा चांगला उकळला, गाळून त्यात डार्क चॉकलेट विरघळवलं आणि रात्रभर फ्रिजमध्ये ठेवलं. तरी ट्रफल, म्हणजे चॉकलेटचे मऊ गोळे, वळेनात, चव नुसती कडवट आली, चहाचा वास नावालाही नाही. शिवाय बडोद्याच्या उन्हाळ्यात हे जमेल का, असंही विचारलंय. मीही बडोद्याचीच, दांडिया बाजाराजवळची, त्यामुळे शेवटच्या प्रश्नाचं उत्तर अगदी अनुभवाचं आहे.

चहा उकळू नका. आपल्याला वाटतं, जितका कढ जास्त तितका चहा कडक, आणि कपापुरतं ते बरोबरच आहे. पण कढ काढला की उतरतो तो मुख्यतः रंग आणि तुरटपणा. सुवास वाफेबरोबर उडून घरभर फिरतो. कपातला तुरटपणा दूध आणि साखर सांभाळून घेतात. डार्क चॉकलेट मुळातच कडू आणि थोडं तुरट. त्यात उकळलेल्या चहाचा तुरटपणा मिसळला की चहा वेगळा ओळखूच येत नाही. आणि गोळे वळेनात ते दुधामुळे. दुधात बहुतेक पाणीच असतं. ट्रफलला घट्टपणा येतो तो चॉकलेटमधल्या कोको बटरमुळे आणि क्रीममधल्या स्निग्धांशामुळे. ते मिश्रण फेकू मात्र नका, आणखी दूध घालून गरम करा आणि कपात ओतून प्या. छान लागतं.

आता क्रीमकडे. अमूलचं फ्रेश क्रीम २५ टक्के फॅटचं असतं, तेही चालतं. ३५ टक्क्यांचं व्हिपिंग क्रीम मिळालं तर पोत जास्त मऊ येतो. मात्र ते बिनसाखरेचं हवं. केकवाल्यांकडचं गोड नॉन-डेअरी क्रीम घेऊ नका. १५० ग्रॅम क्रीममध्ये १० ग्रॅम पानांचा चहा घाला, झाकण लावून रात्रभर फ्रिजमध्ये मुरू द्या. थंड क्रीममध्ये वास उतरतो, तुरटपणा फारसा उतरत नाही. सकाळी जरा कोमट करून बारीक गाळणीतून गाळा, चोथा करकचून पिळू नका. घाई असेल तर क्रीमला कडेने बुडबुडे येईपर्यंत तापवून गॅस बंद करायचा, चहा घालून झाकायचं आणि पाच-सात मिनिटांत गाळायचं.

इथे वजनकाटा काढाच. पानं बरंच क्रीम पिऊन घेतात, म्हणून गाळल्यावर पुन्हा वजन करून त्यातलं नेमकं १०० ग्रॅम क्रीम घ्यायचं. कमी भरलं तर साधं क्रीम घालून पुरं करायचं. पाककृतींमध्ये ही पायरी बऱ्याचदा गाळलेली असते. मग प्रमाण चुकतं, मिश्रण दगडासारखं होतं किंवा तेल सोडतं, आणि दोष चॉकलेटला दिला जातो.

१०० ग्रॅम क्रीमला २०० ग्रॅम डार्क चॉकलेट, ५० ते ५५ टक्के कोकोचं. ७० टक्क्यांच्या चॉकलेटपुढे चहा टिकत नाही. लेबलवर कोको बटर लिहिलेलं हवं. कंपाउंड चॉकलेटच्या लाद्यांत त्याऐवजी वनस्पती तेलाची चरबी असते, तिचा मेणचट थर टाळूला चिकटून राहतो आणि चहाचा वास त्याखाली दबतो. चॉकलेट बारीक चिरा, वाफाळतं क्रीम वरून ओता, दोन मिनिटं हातही लावू नका. मग मधोमधून हळूहळू ढवळत बाहेरच्या बाजूला या. कोमट झालं की २० ग्रॅम मऊ लोणी आणि चिमूटभर मीठ. तेल सुटताना दिसलं तर चमचाभर कोमट दूध घालून ढवळा, बहुतेक वेळा सावरतं. वरून प्लॅस्टिक फिल्म अगदी चिकटवून लावा आणि फ्रिजमध्ये दोनेक तास ठेवा. एवढ्यात साधारण दोन डझन छोटे गोळे होतात. ते कोको पावडरीत घोळवायचे. वर चॉकलेटचं कवच चढवायचा खटाटोप पहिल्यांदा तरी करू नका.

चहा कोणता, यावर मी जास्त हट्टी आहे. आपली रोजची दाणेदार सीटीसी डार्कमध्ये वाया जाते. ती मिल्क चॉकलेटमध्ये, वेलची आणि सुंठ घालून, मसाला चहाची चव देते. तिथे १०० ग्रॅम क्रीमला चॉकलेट २५० ग्रॅम घ्या. ताजं आलं नको, त्यानं दूध फाटतं तसं क्रीमही फाटू शकतं. दार्जिलिंग नाजूक, ते डार्कमध्ये हरवतं. व्हाइट चॉकलेटमध्ये, ३०० ग्रॅमला १०० ग्रॅम क्रीम या प्रमाणात, फार सुरेख लागतं. अर्ल ग्रे या सुवासिक काळ्या चहामध्ये बर्गमॉट या लिंबूवर्गीय फळाच्या सालीचं तेल असतं, ते डार्कलाही पुरून उरतं. म्हणून जगभर चहाचे ट्रफल बहुतेक त्याचेच करतात.

पण माझी पसंती गवती चहाला. खंडेराव मार्केटमध्ये गवती चहा आणि पुदिना दोन्ही मिळतात, आणि इथल्या गुजराती घरांत चहात दोन्ही पडतातच. गवती चहाची तीन-चार पाती कापून, पुदिन्याची पाच-सहा पानं हातानं चुरडून, आसाम चहाच्या थोड्या पानांबरोबर क्रीममध्ये मुरवा. सासूबाईंना चॉकलेटात चहा ही कल्पनाच पटत नव्हती, पण या ट्रफलचा डबा त्यांच्या खोलीत जाऊन बसतो.

उन्हाळ्याचं म्हणाल तर मे महिन्यात नका करू. कोको बटर ३४ अंशांच्या आसपास वितळतं, क्रीम मिसळलेलं मिश्रण त्याच्या बरंच आधी मऊ पडतं, आणि आपल्याकडे पारा चाळिशी ओलांडतो. करायचेच असतील तर रात्री एसीच्या खोलीत वळा. हात बर्फाच्या पाण्यात बुडवून कोरडे पुसत राहा, पाण्याचा थेंब मिश्रणात जाऊ देऊ नका. खरा हंगाम डिसेंबर-जानेवारी. उत्तरायणाला गच्चीवर तिळाच्या चिक्कीशेजारी डबा ठेवता येतो, सावलीत. फ्रिजमध्ये आठवडाभर टिकतात. बाहेर काढल्यावर डबा लगेच उघडू नका, अर्धा तास बंदच ठेवा; नाहीतर हवेतली वाफ गार गोळ्यांवर जमते आणि कोकोचा चिखल होतो. पावसाळ्यात तर हे हमखास.