डबलसीट बसलेला जखमी आणि त्याचा कोड : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : सहा वर्षांची मुलगी सायकलच्या कॅरिअरवर बसली होती. चालत्या चाकाच्या आऱ्यांत पाय जाऊन तिच्या उजव्या घोट्याला जखम झाली. हाड मोडलेले नाही. मी रुग्णनोंदीत आजारांच्या वर्गीकरणातला बाह्य कारणाचा, म्हणजे इजा कशी झाली हे सांगणारा, व्ही १८.५ हा कोड दिला, पण तपासणाऱ्या सहकाऱ्याने तो परत पाठवला. माझे काय चुकले?

उत्तर : तुम्ही मुलीला बरोबर ओळखलेत (शेवटचा ५ म्हणजे सार्वजनिक रस्त्यावरच्या अपघातात मागे बसलेली), अपघाताला मात्र ओळखले नाहीत. व्ही १८ ही श्रेणी टक्कर न होता झालेल्या अपघातांची आहे. म्हणजे सायकलवरून पडणे, फेकले जाणे किंवा सायकल उलटणे. आऱ्यांत पाय जाणे यांपैकी कशातच बसत नाही, कारण मुलगी पडलेली नाही आणि सायकलही उभीच आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत सायकलच्याच एखाद्या भागात अडकून झालेली इजा व्ही १९.८ खाली दिली आहे. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून वापरात असलेल्या विस्तारित आवृत्तीत हा कोड पुढे दोन भागांत विभागला असून, लष्करी वाहनाशी संबंधित अपघात व्ही १९.८१ मध्ये आणि इतर व्ही १९.८८ मध्ये जातात. त्यामुळे तुमच्या रुग्णासाठी उपचार चालू असताना पूर्ण कोड व्ही १९.८८एक्सए असा होईल. यातला ‘एक्स’ केवळ रिकामी जागा भरण्यासाठी असतो, उपचारांचा टप्पा सांगणारे सातवे अक्षर (इथे ‘ए’) सातव्याच जागी पडावे म्हणून.

इथे एक गोष्ट मला नेहमी खटकते. मागे बसलेल्या लहान मुलाला होणारी ही अगदी ठरावीक दुखापत आहे, आणि नेमक्या याच कोडमध्ये चालवणारा व मागे बसलेला असा भेद उरत नाही. दोघांनाही एकच कोड. म्हणून मूल मागे बसले होते ही नोंद केसपेपरवर ठळक राहिली पाहिजे, कारण कोडवरून ती पुन्हा कोणालाच काढता येणार नाही.

आणखी एक सावधगिरी जखमेच्या कोडबाबत बाळगावी. आऱ्यांत सापडलेल्या पायाची वरची जखम किरकोळ दिसली तरी आतले मांस चिरडलेले असू शकते, पण ‘चिरडणे’ हा शब्द डॉक्टरांनी लिहिल्याशिवाय कोडरने, म्हणजे नोंदीला कोड देणाऱ्याने, तो गृहीत धरू नये. घोट्याला नुसते खरचटले असेल तर एस ९०.५ खाली, कापलेली जखम असेल तर एस ९१.० खाली आणि चिरडल्याची नोंद असेल तर एस ९७.० खाली पाहावे. उजव्या घोट्याच्या, आत बाहेरची वस्तू न राहिलेल्या कापलेल्या जखमेसाठी एस ९१.०११ए हा कोड पहिल्या जागी येईल आणि व्ही १९.८८एक्सए त्याच्यानंतर. बाह्य कारणाचा कोड कधीही पहिल्या जागी येत नाही.

प्रश्न : केसपेपरवर फक्त ‘सायकलवरून पडून गुडघा खरचटला’ एवढेच आहे. रुग्ण चालवत होता असे धरावे का?

उत्तर : धरू नये. रुग्ण प्रौढ असला की तो चालवतच असणार असे आपल्या मनात आपोआप येते, पण मनात आलेले कोडमध्ये जाता कामा नये. व्ही १० ते व्ही १८ या प्रत्येक श्रेणीत बिंदूनंतरचा अंक हेच सांगतो : रस्त्याबाहेरच्या अपघातात चालवणाऱ्यासाठी ०, मागे बसलेल्यासाठी १ आणि कोण ते न लिहिलेल्यासाठी २, सार्वजनिक रस्त्यावरच्या अपघातात याच क्रमाने ४, ५ आणि ९. चढता-उतरताना झालेल्या इजेसाठी ३ आहे, आणि तिथे चालवणारा कोण, रस्ता कोणता हे विचारलेच जात नाही. तुमच्या नोंदीत माणूस कोण हे नाही आणि जागाही नाही. जागा लिहिलेली नसेल तर अपघात सार्वजनिक रस्त्यावर झाला असे मानावे, असा जागतिक आरोग्य संघटनेच्या आवृत्तीचा नियम आहे. म्हणून त्या आवृत्तीत व्ही १८.९ येईल. अर्थात, रुग्ण अजून वॉर्डात असेल तर सिस्टरना एक वाक्य विचारून घेणे हे कुठल्याही नियमापेक्षा सोपे. शाळेच्या आवारात मैत्रिणीच्या मागे बसून पडली, एवढे कळले की कोड थेट व्ही १८.१ होतो.

प्रश्न : कुत्रा आडवा आला, भावाने ब्रेक दाबला आणि मागे बसलेली बहीण रस्त्यावर आपटली. हा प्राण्याशी झालेला अपघात मानायचा का?

उत्तर : सायकल कुत्र्याला लागली का, एवढाच प्रश्न आहे. लागली असेल तर व्ही १०.५, न लागता बहीण पडली असेल तर व्ही १८.५. उलट दिशेनेही हेच लक्षात ठेवावे. मागून मोटारीचा धक्का बसला आणि मग ती पडली, तर ‘पडली’ हा शब्द कितीही ठळक दिसला तरी कोड व्ही १३.५ होईल, कारण व्ही १८ मधले पडणे हे आधी टक्कर झालेली नसतानाचे आहे. धक्का स्कूटरचा किंवा रिक्षाचा असेल तर व्ही १२.५ आणि बसचा किंवा मालट्रकचा असेल तर व्ही १४.५. रुग्णाच्या डिस्चार्ज समरीत ‘वाहनाची धडक’ एवढेच लिहिलेले असते तेव्हा कोडरचा अर्धा दिवस त्यातच जातो.

प्रश्न : सायकलच्या मागे जोडलेल्या छोट्या गाडीतले मूल सायकलवरचे प्रवासी धरतात का? आणि बॅटरीवरच्या सायकलचे काय?

उत्तर : मूल सायकलवरचेच धरतात. सायकलस्वाराच्या व्याख्येतच जोडलेली साइडकार आणि ट्रेलर यांतली माणसे येतात. बॅटरीच्या सायकलसाठी अमेरिकी आवृत्तीत १ ऑक्टोबर २०२२ पासून वेगळे कोड आहेत आणि ते मोटारसायकलच्या व्ही २० ते व्ही २९ या श्रेणींत घातले आहेत. मागे बसलेला माणूस टक्कर न होता रस्त्यावर पडला तर साध्या सायकलसाठी व्ही १८.५एक्सएक्सए आणि बॅटरीच्या सायकलसाठी व्ही २८.५१एक्सए. त्यामुळे ‘सायकल’ वाचून पुढे जाऊ नका. कोणती सायकल हे विचारा.

प्रश्न : रुग्ण दुसऱ्यांदा आला की सातवे अक्षर लगेच ‘डी’ करायचे का?

उत्तर : भेटी मोजू नका. सक्रिय उपचार चालू आहेत तोवर ‘ए’, मग भेट तिसरी असली तरी. जखम भरत असताना नेहमीची तपासणी सुरू झाली की ‘डी’. आणि जुन्या दुखापतीचा मागे राहिलेला परिणाम असेल तर ‘एस’. जखमेच्या कोडला जे अक्षर, तेच बाह्य कारणाच्या कोडला. सायकल चालवण्याच्या क्रियेचा वाय ९३.५५ आणि जागेचे वाय ९२ मधले कोड मात्र उपचारांच्या सुरुवातीच्या नोंदीत एकदाच द्यायचे असतात. पुढच्या भेटीत ते पुन्हा लिहू नयेत.