नायकाच्या शेजारी उभं राहताना

प्रिय मित्रा,

तुझं पत्र मिळालं. मालिकेत पुन्हा नायकाचा मित्रच वाट्याला आला, वर ‘तुझा चेहरा हिरोचा नाही, आडनावही जरा सुटसुटीत कर’ असा सल्ला मिळाला, हे तुला फार लागलंय. लागणारच. तू विचारलंस, अशा भूमिका किती वर्षं करायच्या? मला उत्तर द्यायचंय ते पीट पोस्टलथ्वेट या ब्रिटिश नटाच्या कामातून. त्याला मी वर्षानुवर्षं पाहत आलोय आणि अजून माझं मन भरलेलं नाही.

पीटचा जन्म 1946 चा, इंग्लंडमधल्या वॉरिंग्टनचा. घर कष्टकऱ्याचं, कॅथलिक. आधी पाद्री व्हायचं मनात होतं, मग शिक्षक झाला, नाटक शिकवू लागला. पंचविशीच्या आसपास ती नोकरी सोडून ब्रिस्टल ओल्ड विकच्या नाट्यशाळेत विद्यार्थी म्हणून दाखल झाला. गालफडं वर आलेली, गाल आत गेलेले. आडनाव बदल, असं त्यालाही सांगितलं गेलं होतं. त्याने ऐकलं नाही. तूही ऐकू नकोस.

सत्तरच्या दशकात तो लिव्हरपूलच्या एव्हरीमन थिएटरमध्ये होता. ज्युली वॉल्टर्स, बिल नाय, जोनाथन प्राइस, अँटनी शेर ही सगळी मंडळी त्या काळात तिथेच घडली. ते रेपर्टरी थिएटर. रेपर्टरी म्हणजे ठरलेला नटसंच आणि एकामागून एक नाटकं. या नाटकात मोठी भूमिका, पुढच्यात चार वाक्यं. त्यामुळे ‘मी नायक की सहनायक’ हा हिशेब मांडायला तिथे कुणाला सवडच नसायची. पुढे तो रॉयल शेक्सपिअर कंपनीत गेला. सिनेमात मात्र 1977 च्या ‘द ड्युएलिस्ट्स’मध्ये तो एका जनरलची दाढी करताना दिसतो, तेवढंच. ‘डिस्टंट व्हॉइसेस, स्टिल लाइव्ह्ज’मधला त्याचा तो भीतिदायक बाप पडद्यावर आला 1988 मध्ये, त्याच्या वयाच्या बेचाळिशीत. तू सव्विशीत आहेस.

पण ‘थांब, मिळेल’ एवढंच सांगायचं असतं तर मी फोन केला असता. थांबलेल्या सगळ्यांनाच मिळतं असं नाही, हे तुलाही ठाऊक आहे. मला सांगायचंय ते ‘इन द नेम ऑफ द फादर’बद्दल. हा 1993 चा सिनेमा तू पाहिलायस, तरी पुन्हा पाहा. गिल्डफर्डच्या बॉम्बस्फोटात नाहक अडकवलेला जेरी कॉनलन आणि त्याच्यापायी तुरुंगात गेलेला त्याचा बाप ज्युसेप्पे. प्रत्यक्षातही ज्युसेप्पे 1980 मध्ये कैदेत असतानाच वारला. जेरी झालाय डॅनियल डे-लुइस. कोठडीत तो बापावर भडकतो, लहानपणी मिळालेल्या फुटबॉलच्या पदकाचा जुना राग उकरून काढतो. बोलणं जवळजवळ सगळं त्याचंच. तू पीटकडे बघ. तो ऐकतो. प्रत्येक आरोप त्याच्यापर्यंत पोहोचतो, तरी आपलं दुखणं तो पुढे करत नाही. बापाच्या त्या ऐकण्यामुळेच जेरीचं भडकणं पोरकट वाटत नाही, पोराचं वाटतं. सहायक अभिनेत्यासाठीचं ऑस्कर नामांकन त्याला याच भूमिकेने मिळवून दिलं.

आता तुझा गेल्या महिन्यातला तो हॉटेलमधला प्रसंग आठव. नायक मोडून पडलाय, तुझ्याशी बोलतोय, आणि तू आपल्या पुढच्या वाक्याची वाट बघतोयस. कॅमेऱ्याला ते दिसतं. प्रेक्षकालाही. तुझं वाक्य संपलं की तुझं काम संपतं असं तू धरून चालतोस, आणि मला वाटतं, तुझं अडलंय ते इथे, चेहऱ्यावर नाही.

मालिकेला कमी लेखतोस, तेही सोड. ऑस्करचं नामांकन झालं त्याच 1994 साली पीट ब्रिटिश टीव्हीवरच्या ‘शार्प’ या मालिकेत ओबाडाया हेक्सविल नावाचा नीच सार्जंट म्हणून दिसला. टोपीत आईचं चित्र ठेवून तिच्याशी बोलणारा माणूस! अंगावर काटा येतो. ‘द टाउन’मध्ये तर तो फुलवाला गुंड आहे. समोरच्याला धमकावताना हात गुलाबांवर चाललेले. ते काम थांबत नाही, म्हणून आवाज चढवायची गरजच पडत नाही. हा सिनेमा 2010 चा. 2 जानेवारी 2011 ला पीट गेला, आणि या भूमिकेसाठी बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट-पुरस्काराचं नामांकन त्यानंतर जाहीर झालं.

मध्यवर्ती भूमिकाही त्याला मिळाल्या. ‘ब्रास्ड ऑफ’मध्ये (1996) बंद पडत चाललेल्या कोळसाखाणीच्या बँडचा प्रमुख डॅनी त्यानेच केला. आणि 2008 मध्ये शेक्सपिअरचा राजा लिअर करायला तो पुन्हा एव्हरीमनच्या रंगमंचावर गेला. हॉलिवूडमध्ये एवढं नाव झाल्यावर! मला हे त्याच्या सगळ्या पुरस्कारांपेक्षा मोठं वाटतं. तू मालिका लागल्यापासून प्रायोगिकच्या तालमीला फिरकला नाहीस, म्हणून मुद्दाम लिहिलं.

पुढच्या चित्रीकरणाआधी एवढं कर. संहितेत समोरच्याची वाक्यं अधोरेखित कर, तुझी तशीच राहू दे. प्रत्येक वाक्य कानावर पडण्याआधी तुझ्या पात्राला काय माहीत होतं आणि नंतर काय कळलं, ते समासात लिही. रविवारी सकाळी संहिता घेऊन घरी ये. नायकाची वाक्यं मी म्हणेन.

तुझा,
सर