आधी तो रस्ता, मग रॅप

प्रिय,

अनेक आशीर्वाद.

हिप-हॉपवर, म्हणजे रॅप, डीजेगिरी, ब्रेकडान्स आणि ग्राफिटी या सगळ्यावर, नीट लिहायचं आहे, त्यासाठी काय वाचू, असं तू विचारलंस. सोबत पाठवलेली यादी पाहिली. पुस्तकं चांगली आहेत, पण कलाकारांची आत्मचरित्रं फार आणि इतिहास कमी. आत्मचरित्रं नंतर वाच. त्यांत माणसाचा आवाज छान सापडतो, पण घटना कशी घडली हे शोधायला तिथे जाऊ नये.

एक गोष्ट आधीच लक्षात ठेव. १९७३ ते १९७९ या अगदी सुरुवातीच्या काळातलं हिप-हॉप रेकॉर्डवर जवळजवळ नाहीच. पार्ट्या झाल्या, लोक नाचले, कोणीतरी टेपरेकॉर्डर लावून कॅसेट भरली, ती हातोहात फिरली. त्या सहा वर्षांचा जो इतिहास आज छापलेला दिसतो, तो बराचसा लोकांच्या आठवणींवर उभा आहे. म्हणून कुठलंही पुस्तक उघडलंस की बघ: लेखकाने कोणाला विचारलं, किती वर्षांनी विचारलं, आणि कोणाला विचारायचं राहून गेलं.

सुरुवात मात्र संगीताच्या पुस्तकाने करू नकोस. रॉबर्ट कॅरो यांचं 'द पॉवर ब्रोकर' मिळव. १९७४ साली आलेलं, बाराशेहून जास्त पानांचं हे पुस्तक न्यूयॉर्कचे रस्ते, पूल आणि उद्यानं ज्याच्या हुकमावर उभी राहिली त्या रॉबर्ट मोझेस या अधिकाऱ्याचं चरित्र आहे. सगळं वाचलंस तर आनंदच, पण 'वन माइल' हे एक प्रकरण तरी वाचच. हिप-हॉप जन्मलं ते न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागात. तिथला क्रॉस ब्रॉन्क्स एक्सप्रेसवे हा महामार्ग ईस्ट ट्रेमाँट नावाच्या वस्तीतून गेला, त्या एका मैलाची ती हकिगत. दीड हजारांहून जास्त घरं पडणार होती. रस्ता जरा बाजूला सरकवला तर मोजक्याच इमारती जातील, हे रहिवाशांनी नकाशा पुढे ठेवून दाखवलं. मोझेस जागचे हलले नाहीत. ती वस्ती प्रामुख्याने कष्टकरी ज्यू कुटुंबांची होती. ती उठली, आजूबाजूची घरं ओस पडू लागली, भाव कोसळले, आणि दक्षिण ब्रॉन्क्समध्ये काळी आणि पोर्टोरिकन कुटुंबं आली ती या मोडतोडीच्या मधोमध. पुढे सत्तरच्या दशकात इमारतींना आगी लागत गेल्या. भाड्यापेक्षा विम्याचे पैसे बरे म्हणून काही मालकांनीच आगी लावून घेतल्या, आणि त्याच काळात शहराने पैसे वाचवायला अग्निशमन केंद्रं बंद केली. प्रकरण संपलं की दोन दिवस दुसरं काही वाचू नकोस.

मग जेफ चँग यांचं 'कान्ट स्टॉप वोन्ट स्टॉप' घे. २००५ चं पुस्तक. हिप-हॉपवरचं एकच पुस्तक वाचायचं असेल तर मी हेच सांगेन. प्रस्तावना डीजे कूल हर्कची आहे, ज्याच्या पार्ट्यांतून हिप-हॉप सुरू झालं असं मानतात, पण मुख्य मजकुरात हर्कची गोष्ट यायला चौथं प्रकरण उजाडतं. तोवर चँग ब्रॉन्क्सची होळी, जमैकातलं राजकारण आणि तिथली साउंड सिस्टिम (म्हणजे मोठे स्पीकर लावून रेकॉर्ड वाजवायची पद्धत), ब्रॉन्क्समधल्या टोळ्या हे सगळं सांगून घेतात. टोळ्यांचं प्रकरण दोनदा वाच. १९७१ च्या डिसेंबरात 'घेटो ब्रदर्स' या टोळीचा ब्लॅक बेंजी हा तरुण भांडण सोडवायला गेला आणि मारला गेला. सगळ्यांना वाटलं, आता सूड उगवला जाणार. त्याऐवजी ८ डिसेंबरला हो अॅव्हेन्यूवरच्या बॉइज क्लबमध्ये टोळ्यांची बैठक बसली आणि तह झाला. त्यानंतर पोरांना एकमेकांच्या हद्दीतून जाता-येता यायला लागलं. एका गल्लीची पार्टी दुसऱ्या गल्लीतल्या पोराला खुली झाली ती इथून. हे कळलं नाही तर पुढचं सगळं चमत्कारासारखं वाटत राहतं.

चँगचं उणंही सांगते. राजकारण आणि समाज यांवर त्यांची पकड घट्ट आहे, पण गाणं कसं बांधलं जातं याकडे ते फारसे वळत नाहीत. अटलांटा, ह्यूस्टन, न्यू ऑर्लिन्स ही दक्षिणेकडची शहरंही हातातून निसटतात. दक्षिणेसाठी तुला वेगळं वाचावं लागेल, त्याबद्दल पुढे कधीतरी लिहीन.

यानंतर 'येस येस यॉल'. जिम फ्रिक आणि चार्ली अहर्न यांनी २००२ मध्ये काढलेलं हे पुस्तक जवळपास सगळं मुलाखतींचं आहे. लेखक मागे, बोलणारे पुढे. ११ ऑगस्ट १९७३ ला १५२० सेजविक अॅव्हेन्यूच्या इमारतीत, खालच्या सार्वजनिक खोलीत झालेली, हर्कने गाणी वाजवलेली पार्टी तुला ठाऊक असेलच. हिप-हॉपचा वाढदिवस म्हणून सगळे तोच दिवस सांगतात. पण ती पार्टी ठेवली होती हर्कची बहीण सिंडी कॅम्पबेल हिने, शाळा सुरू होण्याआधी नवे कपडे घ्यायला पैसे हवेत म्हणून. तिकीट मुलींना २५ सेंट, मुलांना ५० सेंट, आणि आमंत्रणं हाताने लिहिलेल्या कार्डांवर. कित्येक लेखांत सिंडीला अर्ध्या ओळीत उरकलेलं असतं. पार्टीचा हिशोब तिच्या हाती होता, एवढं तू तरी विसरू नकोस.

मुलाखती वाचताना एकाच घटनेच्या दोन-तीन हकिगती येतील, आणि त्या जुळणार नाहीत. गोंधळू नकोस. वहीत पानाच्या डाव्या बाजूला एकाची, उजव्या बाजूला दुसऱ्याची लिहून काढ. जिथे जुळत नाहीत तिथे बहुतेक वेळा मान कोणाला मिळाला आणि पैसा कोणाला मिळाला, याचा वाद दडलेला असतो. १९७९ चं 'रॅपर्स डिलाइट' हे गाजलेलं रॅप गाणं घे. त्यात बिग बँक हँक हा रॅपर जो भाग म्हणतो, त्यातल्या ओळी ग्रँडमास्टर कॅझ या दुसऱ्याच रॅपरच्या वहीतल्या. कॅझचं आधीचं नाव कॅसानोव्हा फ्लाय, आणि हँक गाण्यात चक्क त्याच नावाची अक्षरं एकेक करून म्हणतो. दुसऱ्याचं नावसुद्धा बदललेलं नाही! गाणं जगभर वाजलं, कॅझच्या नावाचा उल्लेख नाही. हे वाचून झालं की गाणं लाव आणि ती अक्षरं स्वतःच्या कानांनी ऐक.

कानांचा विषय निघालाच आहे तर सांगते. ही पुस्तकं मुकाट्याने वाचायची नाहीत. हर्कने काय केलं ते शब्दांत सोपं आहे: फंक या ठेकेदार नाचाच्या संगीताच्या रेकॉर्डमध्ये गाणं थांबून नुसते ड्रम उरतात तो तुकडा, म्हणजे ब्रेक, लोकांना नाचायला सर्वांत आवडतो हे त्याने हेरलं. मग एकाच रेकॉर्डच्या दोन प्रती दोन टर्नटेबलांवर ठेवून, एकीवरचा ब्रेक संपला की दुसरीवरचा लावायचा, असं तो लांबवत नेला. ग्रँडमास्टर फ्लॅश या दुसऱ्या डीजेने त्यात नेमकेपणा आणला. रेकॉर्डवर क्रेयॉनने खूण करून, किती वेढे मागे फिरवले की ब्रेकची सुरुवात पुन्हा सुईखाली येते, हे तो मोजायचा. आता 'इन्क्रेडिबल बाँगो बँड'चं 'अपाची' ऐक आणि ब्रेक कुठे सुरू होतो तिथे सेकंद लिहून ठेव. असं एकदा केलंस की चार पुस्तकांतली वर्णनं आपोआप उलगडतील.

ट्रिशा रोज यांचं 'ब्लॅक नॉइज' १९९४ चं. विद्यापीठीय भाषा आहे, पहिली पन्नास पानं जड जातील, तरी सोडू नकोस. एका संगीत विभागप्रमुखाने रॅपला संगीत मानायलाच नकार दिला, तो प्रसंग त्यांनी लिहिला आहे, आणि पुढचं विवेचन म्हणजे त्याला दिलेलं शांत, सज्जड उत्तर. प्रवाह, थर आणि तोड ही तीन तत्त्वं त्या मांडतात आणि ती फक्त गाण्यात नाही, तर भिंतीवरच्या ग्राफिटीच्या तिरप्या अक्षरांत आणि ब्रेकडान्सच्या झटक्यांतही दाखवतात. सॅम्पलर, म्हणजे रेकॉर्डमधला तुकडा (सॅम्पल) उचलून पुन्हा वाजवणारं यंत्र, त्याबद्दलची पानं तर मला फार आवडतात. ई-म्यूचं एसपी-१२०० हे यंत्र १९८७ मध्ये आलं. त्यात जेमतेम दहा सेकंदांचा आवाज मावायचा. मग निर्माते, म्हणजे गाण्याचा ठेका रचणारे, मिनिटाला ३३ फेऱ्यांच्या गतीची रेकॉर्ड ४५ वर पळवून आत घ्यायचे, म्हणजे जागा कमी लागते, आणि यंत्रात गती पुन्हा खाली आणायचे. त्यातून आवाजाला एक खरखर यायची. ती खरखर लोकांना इतकी आवडली की पुढे चांगली यंत्रं आल्यावरही ती मुद्दाम राखली गेली.

याच धाग्याने जोसेफ श्लॉस यांच्या 'मेकिंग बीट्स'कडे जा. २००४ चं पुस्तक आहे. श्लॉस निर्मात्यांमध्ये बसले, त्यांच्याबरोबर जुन्या रेकॉर्ड धुंडाळल्या आणि त्या लोकांचे आपसातले नियम लिहून काढले: दुसऱ्याने वापरलेला तुकडा उचलायचा नाही, तयार संकलनांतून सॅम्पल घ्यायचं नाही, मूळ रेकॉर्ड स्वतः शोधायची. बाहेरच्याला चोरी वाटेल अशा कामात आत किती कडक शिस्त आहे ते इथे दिसतं. त्यासोबत १९९१ चा, परवानगीशिवाय सॅम्पल वापरल्याबद्दल रॅपर बिझ मार्कीविरुद्ध झालेला खटला समजून घे. न्यायाधीशांनी निकालाची सुरुवातच बायबलमधल्या चोरी न करण्याच्या आज्ञेने केली. त्यानंतर प्रत्येक तुकड्यासाठी परवानगी आणि पैसे लागू लागले, आणि 'पब्लिक एनिमी' या रॅप गटासारखी एका गाण्यात असंख्य तुकडे रचण्याची पद्धत परवडेनाशी झाली. कायद्याने संगीताचा आवाजच बदलला. यावर तुला लिहावंसं वाटलं तर जरूर लिही.

डॅन चार्नस यांचं 'डिला टाइम' (२०२२) तालाची आवड असेल तर वाच. डेट्रॉइटचा निर्माता जे डिला ३२ व्या वर्षी, २००६ मध्ये गेला. त्याने ड्रम मशीनवर सरळ लय आणि झुलती लय एकाच वेळी चालवली, त्यामुळे ठोका जरा अलीकडे-पलीकडे पडल्यासारखा वाटतो. चार्नस हे आकृत्या काढून समजावतात. आपल्याकडे लयीशी खेळणारं गाणं ऐकत वाढलेल्या माणसाला ती पानं लवकर कळतील, असं मला वाटतं.

आणि जोन मॉर्गन. 'व्हेन चिकनहेड्स कम होम टू रूस्ट', १९९९. जमैकात जन्म, दक्षिण ब्रॉन्क्समध्ये वाढ. ज्या गाण्यांवर आपण जीव टाकतो त्यातच बाईबद्दल इतकं हिणकस बोललं जातं, मग काय करायचं, हा प्रश्न त्या अंगावर घेतात. प्रेम लपवत नाहीत, राग गिळत नाहीत. 'हिप-हॉप स्त्रीवाद' हा शब्द रुळला तो त्यांच्यामुळे. तुझ्या यादीत एकाही बाईचं पुस्तक नव्हतं, म्हणून हे ठळक लिहिते आहे. ट्रिशा रोज आणि जोन मॉर्गन वाचल्याशिवाय एक ओळही लिहू नकोस.

पुस्तकाचं साल नेहमी बघत जा. ब्रॉन्क्सचा डीजे आफ्रिका बंबाटा याचं उदाहरण घे. जुन्या पुस्तकांत टोळीतल्या पोरांना संगीताकडे वळवणारा म्हणून त्याचा गौरव आहे. २०१६ पासून अनेक पुरुषांनी, आपण लहान असताना त्याने आपलं लैंगिक शोषण केलं, असे जाहीर आरोप केले. त्याने ते नाकारले. २००५ च्या पुस्तकात हे असणं शक्यच नाही, पण तू आज लिहिणार आहेस, तेव्हा तुझ्या लेखात ते यायलाच हवं.

छापील शब्दांवरही डोळे झाकून विश्वास नको. येल विद्यापीठाने २०१० मध्ये 'द अँथॉलॉजी ऑफ रॅप' हा जाडजूड संग्रह काढला. कामाचा आहे, पण गाण्यांचे शब्द उतरवताना बऱ्याच चुका झाल्याचं लोकांनी दाखवून दिलं. एखादी ओळ उद्धृत करायची असेल तर आधी ती स्वतः ऐकून लिहून काढ, मग पुस्तकाशी ताडून बघ.

जमेल तेव्हा कॉर्नेल विद्यापीठाचा हिप-हॉप संग्रह इंटरनेटवर उघड. बडी एस्क्वायरने हाताने रेखलेली पार्ट्यांची पत्रकं तिथे आहेत. तारीख, जागा, तिकीट, कोण वाजवणार, सगळं त्यांवर सापडतं. एखाद्याची आठवण आणि पत्रक यांत फरक पडला, तर पत्रकावर भरवसा ठेव.

तू मराठीत लिहिणार आहेस याचा मला खूप आनंद आहे. अमेरिकेतल्या काळ्यांच्या ब्लॅक पँथर या संघटनेचं नाव मुंबईतल्या तरुण दलित लेखकांनी १९७२ मध्येच उचललं होतं, त्यामुळे अमेरिकेतल्या त्या लढ्याशी मराठी वाचकाची ओळख जुनी आहे. चँगमधले पँथरचे उल्लेख त्याला परके वाटणार नाहीत. मुंबईतल्या रॅपवर यायचं तर 'स्वदेशी' या मुंबईच्या रॅप गटाचं 'द वारली रिव्होल्ट' हे गाणं घे. आरेच्या जंगलातले प्रकाश भोईर त्यात गातात. जमीन, बांधकाम आणि तिथून उठवली जाणारी माणसं हाच त्याचा विषय आहे.

आपल्याकडच्या पोरांच्या मुलाखती घ्यायला आत्ताच लाग, पुस्तकं संपायची वाट बघू नकोस. रॅपरला सगळेच विचारतात. तू स्पीकर भाड्याने देणाऱ्याला विचार, हॉल मिळवून देणाऱ्याला विचार, घरात रात्री उशिरापर्यंत सराव चालू दिला त्या आईला विचार. प्रत्येक ध्वनिमुद्रणावर तारीख आणि जागा बोलून ठेव, आणि उतरवून झालं तरी मूळ फाइल पुसू नकोस. पहिल्या दोन-तीन मुलाखती उतरवल्यास की मला पाठव. शुद्धलेखन बघू नकोस, बोलणाऱ्याची भाषा जशीच्या तशी राहू दे. 'येस येस यॉल'ची माझी प्रत या आठवड्यात कुरिअरने धाडते. समासात पेन्सिलीने लिहिलेलं आहे, ते पटलं नाही तर तसं कळव.

तुझी,
शुभचिंतक