द्रोण : आधी भांडं, मग आचार्य

प्रश्न आला तो एका ओळखीच्या शिक्षिकेकडून. सहावीच्या वर्गात एका मुलाने त्यांना विचारलं, “बाई, पत्रावळीबरोबर द्रोण असतो त्याला द्रोणाचार्यांचं नाव का दिलं?” बाई उत्तर जुळवत होत्या, तेवढ्यात मागच्या बाकावरून दुसरा म्हणाला, “ते गरीब होते ना! घरात भांडी नव्हती, पानातच जेवायचे.” वर्ग हसला, बाईही हसल्या. पण खरं काय सांगायचं ते सुचेना, म्हणून प्रश्न माझ्याकडे.

बाई, नाव दिलं हे खरं, पण कुणी कुणाला दिलं ते उलटं आहे. भांड्याचं नाव आचार्यांना मिळालं. महाभारताच्या आदिपर्वातली कथा अशी, की भरद्वाज ऋषी गंगेवर स्नानाला गेले असता घृताची अप्सरा दिसली, त्यांचं रेत स्खलित झालं आणि ते त्यांनी एका द्रोणात ठेवलं. त्या भांड्यातून जन्मलेला मुलगा तो द्रोण. (सहावीच्या वर्गात एवढा तपशील नको, ‘भांड्यातून जन्मले’ एवढंच पुरे.) अगस्त्य घड्यातून जन्मले म्हणून त्यांना कुंभयोनी म्हणतात, त्यातलाच हा प्रकार. फरक एवढाच, की अगस्त्यांचं ते विशेषण राहिलं आणि द्रोणांचं तेच नाव झालं.

मग हे भांडं कसलं? पानाचं नक्कीच नाही. ‘द्रु’ म्हणजे लाकूड, झाड. द्रुम शब्दात तो आहे, देवदारातला ‘दारु’ त्याचाच सख्खा भाऊ. द्रोण म्हणजे लाकूड कोरून केलेलं खोलगट भांडं. ऋग्वेदात सोमरस ज्यात गाळतात, साठवतात ते लाकडी पात्र द्रोण. वेदातल्या शब्दांचे अर्थ उलगडणाऱ्या यास्काने आपल्या निरुक्त या ग्रंथात एका वाक्यात निकाल लावला आहे : ‘द्रोणं द्रुममयं भवति.’ द्रोण लाकडाचा असतो.

यास्काला हे सांगायची वेळ आली ती ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातल्या 101व्या सूक्तामुळे. तिथे एका विहिरीचं वर्णन आहे : ‘द्रोणाहावमवतमश्मचक्रम्’. आहाव म्हणजे विहिरीजवळचं, पाणी ओतायचं टाकं. जिचं टाकं लाकडी आहे आणि चाक दगडी, अशी ही विहीर. सूक्तात ती सोमयागाचं रूपक म्हणून येते ते सोडा. मला त्यातलं चित्र आवडतं, कारण ते आपल्या ओळखीचं आहे. देशावरच्या जुन्या विहिरीच्या, आडाच्या काठाला दगडात कोरलेलं लांबट टाकं असतं. पोहऱ्याने पाणी ओढून त्यात ओतायचं आणि गुरांनी त्यात तोंड घालायचं. त्याला काय म्हणतात? डोण. कुठे डोणी, कुठे दोणी. द्रोणचं प्राकृतात दोण झालं आणि ‘द’चा ‘ड’ झाला, जसं दंशापासून डसणं आणि दोलेपासून डोलणं. लाकूड जाऊन दगड आला, जागा मात्र तीच राहिली, विहिरीच्या काठची. किल्ल्यांवर भटकणाऱ्यांना अशा दगडी डोणी गवतात पडलेल्या दिसतात. पुढच्या वेळी दिसली तर बूट टेकवण्याआधी तिचं कूळ आठवा.

म्हणजे मराठीत हा एकच शब्द दोन वेषांत नांदतो. डोण गुरांची, द्रोण माणसांचा. संस्कृत रूप जसंच्या तसं राहिलं ते पंगतीत, झिजलेलं रूप राहिलं गोठ्याकडे. हिंदीत उलट पंगतीतलाच शब्द झिजला : तिथे पत्तल आणि दोना. कानडीत पानाच्या वाटीला दोन्ने म्हणतात. बंगळुरूची दोन्ने बिर्याणी ती हीच, पानाच्या द्रोणात वाढलेली. कानडीतच दोणी म्हणजे होडी, आणि मालदीवमधल्या पारंपरिक नावेचं नाव आहे धोनी. होडी म्हणजे तरी काय, कोरलेला ओंडकाच. (आकड्यातल्या ‘दोन’शी मात्र या कुळाचा काही संबंध नाही, तो ‘द्वि’च्या घरचा. आणि आकाशातला ड्रोन इंग्रजीतल्या नर मधमाशीवरून आला आहे. लग्नात वर ड्रोन गुणगुणतो आणि खाली द्रोणात मठ्ठा असतो, एवढंच त्यांचं नातं.)

आता पानाच्या द्रोणाकडे. पळसाची नाहीतर वडाची पानं, कोपरे दुमडून चोयेने किंवा काडीने टाचलेली. पत्रावळ ‘लावतात’, तसा द्रोणही ‘लावतात’, शिवत नाहीत. ‘पत्रावळीआधी द्रोण, तो जावई शहाणा कोण?’ अशी म्हण आहे. ती जावयाचं कौतुक करते की त्याला टोमणा मारते, यावर आमच्या घरात दोन पक्ष होते. आजी म्हणायची कौतुक, कारण पत्रावळ कुणीही लावेल, चार काड्या इकडेतिकडे झाल्या तरी भात काही खाली पळत नाही. द्रोण गळला तर आमटी धोतरावर. आजोबा म्हणायचे टोमणा, कारण बसायला पाट नाही आणि हा आधी वाटी करतोय. मी आजीच्या बाजूचा. द्रोणाचं सगळं कसब न गळण्यात आहे, आणि त्या वेदातल्या लाकडी पात्रापासून त्याचं कामही तेच आहे : पातळ पदार्थ धरून ठेवणं.

म्हणूनच लाकूड जाऊन पान आलं, पान जाऊन चंदेरी कागद आला, थर्माकोल आला आणि 2018 च्या बंदीनंतर अधिकृतपणे गेला, तरी दुकानदाराला ‘शंभर द्रोण द्या’ असंच सांगावं लागतं. शब्दाने पदार्थ सोडला आणि आकार धरला. त्या आकारावरून मराठीने एक फार देखणा प्रयोग केला आहे. तोंडाभोवती हातांचा द्रोण करून माणूस पलीकडच्या शेतातल्या भावाला हाक मारतो. ओढ्यावर हाताचा द्रोण करून पाणी पितो. याला ओंजळ म्हणता येईल, पण ओंजळीत देण्याघेण्याचा भाव आहे. द्रोणात नुसता घाट आहे, खोलगट, कडा उचललेला. कार्तिकात नदीत सोडलेले दिवेही द्रोणातूनच जातात. तिथे तो परत होडी झालेला असतो.

भांडं आलं की माप येतं. पायली, शेर, ओंजळ, वाटी, सगळ्यांचं हेच झालं आहे. भास्कराचार्यांनी 1150 मध्ये लीलावती लिहिली तिच्या सुरुवातीच्या परिभाषेत हे कोष्टक आहे : खारीचा सोळावा भाग द्रोण, द्रोणाचा चौथा भाग आढक, आढकाचा चौथा प्रस्थ, प्रस्थाचा चौथा कुडव. यातला कुडव कोकणात भातासाठी पुढेही चालत राहिला, आकार पार बदलून. द्रोण मात्र मराठी बाजारातून मापाच्या रूपात नाहीसा झाला. तो टिकला वैद्यांकडे. आयुर्वेदाच्या हिशेबात द्रोण म्हणजे 256 पळं, म्हणजे 1024 तोळे, आजचे 12 किलोच्या जवळपास. ‘एक द्रोण पाण्यात उकळून चौथा हिस्सा उरवावा’ असं काढ्याच्या कृतीत आलं आणि कुणी मुंजीतला द्रोण डोळ्यांपुढे आणला, तर त्या काढ्याचं काय होईल!

बंगालमधल्या गुप्तकालीन ताम्रपटांत जमीनही द्रोणाने मोजलेली आहे. द्रोणभर बी जेवढ्यात पेरलं जाईल तेवढी ती द्रोणवाप. असे आठ म्हणजे एक कुल्यवाप. आपल्याकडेही ‘खंडीभर पेऱ्याचं शेत’ म्हणत, तसंच. कौटिल्याने 400 गावांच्या मधल्या ठाण्याला द्रोणमुख म्हटलं आहे.

पण कौटिल्याची माझी आवडती जागा दुसरी आहे. तो पाऊस द्रोणात मोजतो. कोठारापाशी एक अरत्नी, म्हणजे साधारण हातभर, तोंडाचं कुंड ठेवावं आणि त्यात पाऊस मोजावा असं त्याने सांगितलं आहे. मग प्रदेशवार आकडे दिले आहेत : कोरड्या जांगल मुलखात 16 द्रोण, पाणथळ भागात त्याच्या दीडपट, अवंतीत, म्हणजे उज्जैनकडे, 23. आणि अपरान्तात? अपरान्त म्हणजे आपलं कोकण. तिथे आकडाच नाही, ‘अमित’ एवढंच लिहिलं आहे. मोजता येणार नाही इतका. आषाढात चिपळूणला राहिलेल्या कुणालाही यात अतिशयोक्ती वाटणार नाही.

पाऊस मोजणाऱ्या द्रोणाचं पाऊस देणाऱ्या ढगाशीही नातं आहे. जुन्या मेघविचारात ढगांची चार नावं आहेत : आवर्त, संवर्त, पुष्कर आणि द्रोण. आवर्त कोरडा, संवर्त धो धो कोसळणारा, पुष्करात पाण्याची मारामार. आणि द्रोण ‘सस्यप्रपूरक’, पिकाला हवा तसा आणि हवा तेवढा पडणारा. मृच्छकटिकाच्या शेवटच्या अंकात वधस्थानाकडे नेल्या जाणाऱ्या चारुदत्ताला अचानक मदत येते, तेव्हा तो म्हणतो, पावसावाचून मेलेल्या पिकावर हा द्रोणमेघ कोण उगवला? शेतकऱ्याशिवाय दुसऱ्या कुणाला ही उपमा इतकी जिव्हारी लागणार नाही. आज पावसाळ्यात मराठी वर्तमानपत्रं ‘किनाऱ्यालगत द्रोणीय स्थिती’ असं छापतात. इथे द्रोणी म्हणजे हवेच्या कमी दाबाचा लांबट खोलगट पट्टा. शब्द हवामानखात्याचा आणि अवजड आहे, मान्य. पण निवडणाऱ्याला दाद दिली पाहिजे : डोणीचाच आकार, आणि तीही पाण्याची.

ही द्रोणी म्हणजे द्रोणाची लांबुडकी बहीण. वाल्मीकी रामायणात दशरथाचा मृत्यू झाला तेव्हा एकही मुलगा जवळ नव्हता. भरत केकयांकडून येईपर्यंत मंत्र्यांनी राजाचा देह तैलद्रोणीत, तेलाने भरलेल्या डोणीत, ठेवला. आयुर्वेदाच्या दवाखान्यात अंगाला तेल लावायला ज्या कडांच्या लाकडी बाकावर निजवतात त्यालाही आज द्रोणीच म्हणतात. हे तिथे मालिश करून घेणाऱ्या कुणाला मी अजून सांगितलेलं नाही.

डोंगरांच्या मधली दरी हीही द्रोणीच. तिचं हिमालयाच्या पायथ्याशी दून झालं आणि त्यावरून डेहराडून. तिथेही लोक सांगतात, की द्रोणाचार्यांनी इथे तप केलं म्हणून हे नाव. पाहा बाई, तुमच्या वर्गातला मुलगा एकटा नाही. खोलगट जागेला खोलगट नाव होतं, ऐकणाऱ्याला त्यात माणूस दिसला. नाव ओळखीचं वाटलं की मन पहिल्यांदा माणूसच शोधतं, वस्तू नाही. गुडगावबद्दलही अशीच आख्यायिका होती आणि 2016 मध्ये हरियाणा सरकारने गावाचं नाव गुरुग्राम केलं. उरणच्या द्रोणागिरीशी मात्र आचार्यांचा संबंध कुणी जोडत नाही. तिथे गोष्ट मारुतीची, पर्वत नेताना तुकडा पडल्याची. उत्तराखंडातही 7066 मीटर उंचीचं द्रोणागिरी शिखर आहे, आणि त्याच्या पायथ्याच्या गावात आमचा डोंगर उचलून नेला म्हणून मारुतीची पूजा करत नाहीत.

आणखी दोन अर्थ कोशात आहेत, ते पटकन सांगतो. द्रोणकाक म्हणजे मोठा काळा कावळा. अमरकोशात तो काकोल या नावाबरोबर येतो. आणि द्रोणपुष्पी म्हणजे पावसाळ्यात रानात, शेताच्या बांधावर उगवणारी, गोल गोंडे आणि त्यात पांढरी फुलं असलेली वनस्पती. मराठीत तिला तुंबा म्हणतात, काही भागांत कुंभा. म्हणजे संस्कृतातही भांडं, मराठीतही भांडंच.

अमरकोशातलाच एक शब्द मी मुद्दाम शेवटी ठेवला होता : द्रोणक्षीरा. द्रोणभर दूध देणारी गाय. तुमच्या मागच्या बाकावरच्या मुलासाठी तो हवा. कारण नावाचा त्याचा तर्क चुकला तरी द्रोणाचार्य गरीब होते हे त्याने बरोबर सांगितलं. आदिपर्वात ते स्वतःच भीष्मांना सांगतात : श्रीमंतांची मुलं दूध पिताना पाहून अश्वत्थामा रडू लागला, म्हणून मी गाय मिळवायला देशोदेश फिरलो आणि रिकाम्या हाताने परतलो. मग पोरांनी त्याला पाण्यात पीठ कालवून दिलं, आणि दूध प्यायलो म्हणून तो नाचू लागला.